सावकाराचे मृत्युपत्र

मध्ययुगीन युरोपात धर्मपीठाने व्याजबट्ट्याला महापातक ठरविले, आणि त्याच युरोपात, त्याच शतकांत, पेढ्या, हुंड्या आणि दुहेरी नोंदीची हिशेबपद्धती यांचा उदय झाला, या दोन गोष्टींची संगती कशी लावावयाची, या प्रश्नावर माझ्या परिचयातील दोन वडीलधाऱ्या गृहस्थांचे मत कधीही जुळले नाही. अण्णासाहेब हे मुन्सफापासून सबजज्जापर्यंत चढत जाऊन निवृत्त झालेले. कर्जरोखे, गहाणखते आणि मुदतखरेदीची खते यांच्या दाव्यांत त्यांची उभी हयात गेलेली असल्यामुळे दस्तातील शब्दांपेक्षा त्या शब्दांआडचा व्यवहार प्रथम पाहावयाचा, हा त्यांच्या बुद्धीचा स्वभावच होऊन बसला आहे. भाऊसाहेब हे इतिहासाचे अध्यापक. एखाद्या काळाने स्वतःविषयी काय मानले होते हे समजून घेतल्यावाचून त्या काळाचा न्याय करू नये, असा त्यांचा आग्रह. त्या दोघांत झालेल्या चर्चेचा सारभूत भाग पुढे दिला आहे. संपादक म्हणून मी श्रोता होतो; परंतु सर्वस्वी तटस्थ नव्हतो, हे वाचकांच्या ध्यानात येईलच.

अण्णासाहेब : भाऊसाहेब, पादुआ नगरातील अरीना चॅपेलची छायाचित्रे तुम्ही मला पाहावयास दिलीत. जोत्तोच्या भित्तिचित्रांची तुम्ही केलेली स्तुती मला मान्यच आहे. परंतु त्या वास्तूकडे मी एक दस्त म्हणून पाहतो, आणि तो दस्त एका सावकाराच्या वारसाने परमेश्वराला लिहून दिलेला आहे असे मला दिसते. रेजिनाल्दो स्क्रोवेन्यी हा त्या नगरातील नामांकित सावकार. दांतेने आपल्या नरकवर्णनात त्याचे नाव घेतले नाही, पण पांढऱ्या थैलीवरील निळ्या गाभण डुकरिणीच्या कुलचिन्हावरून कोणालाही ओळखू यावा अशा रीतीने त्याला तापलेल्या वाळूवर बसविले. त्याचा मुलगा एन्रिको याने १३०० साली जुन्या रोमन रंगभूमीची जागा खरेदी केली, तेथे हे प्रार्थनामंदिर बांधले, आणि १३०५ च्या मार्चमध्ये त्याचा समर्पणविधी झाला. पश्चिमेच्या भिंतीवर अंतिम न्यायाचे जे विशाल चित्र आहे, त्यात नरकाच्या बाजूला सावकार आपापल्या थैल्यांच्या बंदांनी लटकलेले आहेत, आणि पुण्यवंतांच्या बाजूला खुद्द एन्रिको गुडघे टेकून मंदिराची प्रतिकृती अर्पण करीत आहे. शेजारच्या मठातील भिक्षूंनी तर त्याच वर्षी तक्रार केली की, या मंदिराला बांधलेला घंटाघराचा मनोरा ईश्वराच्या स्तुतीपेक्षा मालकाच्या मिरवणुकीसाठीच अधिक आहे. मला विचारावयाचे आहे ते एवढेच : ज्या कुळांच्या घरातून तो पैसा निघाला, त्यांच्या पदरात या मंदिरामुळे काय पडले?

भाऊसाहेब : आपण भिंतीपासून आरंभ केलात, मी जरा मागे, शेतकऱ्याच्या खळ्यापासून करतो. अकराव्या-बाराव्या शतकांत कर्ज काढणारा मनुष्य पुष्कळदा व्यापारी नसे. एखादे वर्ष पीक बुडाले, बियाणे पोटात गेले, बैल मेला, म्हणजे शेजारच्या मठाकडून किंवा गावातील एखाद्या संपन्न माणसाकडून धान्य उसने आणावयाचे, ही त्या समाजातील कर्जाची नित्याची रीत. अशा कर्जातून नवी संपत्ती निर्माण होत नव्हती. त्यावर व्याज आकारणे म्हणजे ज्याच्या घरात आजचे दाणे नाहीत त्याच्या पुढल्या सुगीवर हक्क सांगणे. परत मिळण्याची आशा न धरता उसने द्यावे, हा लूकच्या शुभवर्तमानातील आदेश अशा समाजाने वाचला, तेव्हा त्याला त्यात केवळ परोपकाराचा उपदेश दिसला नाही. त्याला त्यात न्यायाचा नियम दिसला. ११७९ च्या तिसऱ्या लॅटरन धर्मसभेने उघड सावकारी करणाऱ्यास धर्मविधीत सहभाग नाही, ख्रिस्ती दफन नाही, आणि त्याने आणलेले दान स्वीकारावयाचे नाही, असा निर्बंध घातला. शेवटच्या कलमाकडे आपण लक्ष द्यावे : दानसुद्धा नाही. १२७४ च्या लिआँच्या धर्मसभेने आणखी पुढे जाऊन असे ठरविले की, घेतलेले व्याज परत केल्याशिवाय, किंवा परत करण्याबद्दल पुरेसा जामीन दिल्याशिवाय, उघड सावकाराचे मृत्युपत्रच ग्राह्य धरावयाचे नाही. आपल्यासारख्या न्यायाधीशाला या तरतुदीचे महत्त्व मी सांगावयास नको.

अण्णासाहेब : महत्त्व आहे. मृत्युपत्र रद्द म्हणजे वारसांचा सगळा डोलाराच कोसळला. परंतु कायद्याचा हेतू उदात्त असला म्हणजे कायदा चालला असे होत नाही. माझ्या नोकरीत मी असे किती दस्त पाहिले की ज्यांत व्याजाचा उच्चारही नाही, आणि तरीही कुळाने शंभर घेऊन दीडशे फेडले आहेत. तुमच्या युरोपातही हेच झाले. यॉर्कशायरमधले रीव्हो आणि फाउंटन्स हे मठ घ्या; दोन्ही ११३२ मध्ये स्थापन झालेले, दोन्ही सिस्टर्शियन संप्रदायाचे, म्हणजे ज्या संप्रदायाने दारिद्र्य आणि अंगमेहनत यांचे व्रत पुन्हा कडक केले त्याचे. त्या ओसाड डोंगराळ मुलखात त्यांनी मेंढ्यांचे प्रचंड कळप वाढविले, आणि तेराव्या शतकात त्यांची लोकर इटालियन व्यापारी आगाऊ खरेदी करू लागले. पैसे आज, लोकर पुढच्या कातरणीची, किंवा त्याच्याही पुढच्या. आता पुढच्या वर्षीची लोकर आज स्वस्त भावाने विकत घेतली, तर तो भावातला फरक कोणत्या नावाने ओळखावयाचा? १३४० च्या सुमारास बार्दी पेढीच्या पेगोलोत्ती नावाच्या मुनिमाने व्यापाऱ्यांसाठी एक पुस्तक लिहिले. त्यात इंग्लंडमधील मठांची लांबलचक यादी आहे आणि प्रत्येक मठाच्या लोकरीचा दर दिला आहे. ती यादी वाचताना आपण संन्याशांविषयी वाचतो आहोत याचा विसर पडतो. आणि पोपमहाराजांचे काय? सर्व ख्रिस्ती देशांतून गोळा होणारा धर्मपट्टीचा वसूल रोमला, पुढे आव्हिन्योंला, पोचविण्याचे काम याच इटालियन पेढ्या करीत होत्या. ज्यांच्यावाचून धर्मपीठाचा खजिना चालत नव्हता, त्यांच्यावर धर्मपीठ शस्त्र उचलणार तरी कसे?

भाऊसाहेब : आपला आक्षेप वजनदार आहे, पण त्यात दोन निराळ्या गोष्टी एकत्र आल्या आहेत. धर्मपीठाने नफ्याला बंदी केली नव्हती. बंदी केली होती ती धोका न पत्करता मिळणाऱ्या वाढीला. धर्मशास्त्री टॉमस अक्वायनसने हा भेद अतिशय स्पष्टपणे मांडला आहे. मद्य वापरणे म्हणजे ते संपविणे. म्हणून मद्याची किंमत एकदा आणि त्याच्या वापराची किंमत दुसऱ्यांदा घेता येत नाही. पैशाचेही तसेच, असे तो म्हणतो. परंतु हाच अक्वायनस भागीदारीला मान्यता देतो, कारण भागीदाराचे द्रव्य व्यापारात असताना ते त्याचेच राहते आणि जहाज बुडाले तर त्याचेही बुडते. कर्ज न फिटल्यामुळे देणाऱ्याचे जे प्रत्यक्ष नुकसान झाले त्याची भरपाई ठरवून घेण्यासही तो हरकत घेत नाही. मात्र अजून न झालेल्या नफ्याची भरपाई मागण्यास घेतो. हा काही पळवाटा शोधणारा तर्क नव्हे. मालक कोण आणि जोखीम कोणाची, हा प्रश्न त्या शास्त्र्यांनी इतक्या बारकाईने विचारला की, पुढच्या सर्व व्यापारी कायद्याला त्याचा पाया मिळाला.

अण्णासाहेब : अक्वायनसचा पक्ष मी समजतो. परंतु पुढे काय झाले?

भाऊसाहेब : पुढे फ्रान्सिस्कन भिक्षूंनी त्याला मागे टाकले, आणि मला या सबंध इतिहासातली ही सर्वांत विलक्षण घटना वाटते. पीटर ऑलिव्ही हा दक्षिण फ्रान्समधला भिक्षू. आपल्या संप्रदायाने खरोखर निष्कांचन राहावे, उपयोगापुरत्या वस्तूही मोजून-मापून वापराव्या, अशा मताचा कडवा पुरस्कर्ता. १२९८ मध्ये वारला, आणि त्याच्या मतांवर पुढे धर्मपीठाचा रोष झाला. याच माणसाने करारांवर एक ग्रंथ लिहिला आणि त्यात असे प्रतिपादन केले की, व्यापारात घालावयाचे म्हणून निश्चित केलेल्या द्रव्यात बीजासारखी फलदायी शक्ती असते, आणि असे द्रव्य दुसऱ्याच्या गरजेसाठी देऊन टाकणाऱ्याला त्या शक्तीचा मोबदला मागता येतो. सव्वाशेहून अधिक वर्षांनी सिएनाच्या बेर्नार्दिनोने हेच विचार आपल्या प्रवचनग्रंथांत घेतले. ऑलिव्हीच्या ग्रंथाची प्रत त्याच्या हाताखाली होती, पण संशयित माणसाचे नाव त्याने लिहिले नाही. ज्यांनी पैशाला स्पर्श न करण्याची प्रतिज्ञा केली त्यांनीच पैशाचे स्वरूप सर्वांत खोलवर ओळखावे, हे मला आकस्मिक वाटत नाही. ज्याला एखाद्या वस्तूचा मोह तोडावयाचा असतो, त्याला ती वस्तू काय आहे हे आधी नेमके ठरवावे लागते.

(येथे मला स्वतःचे एक मत नोंदविल्यावाचून राहवत नाही. इटालियन व्यापाऱ्यांच्या ज्या हुंडीचा उल्लेख मी आरंभी केला, तिचे अंतरंग आपल्या वाचकांना समजण्यास कठीण जाऊ नये. हुंडणावळ आणि मुदत हे शब्द आपल्या पेढ्यांवर एके काळी रोज उच्चारले जात होते. फ्लॉरेन्समध्ये एकाने दुसऱ्याला फ्लोरिन द्यावयाचे. घेणाऱ्याने लंडनवर तीन महिन्यांच्या मुदतीची हुंडी लिहून द्यावयाची. लंडनला ती रक्कम इंग्रजी नाण्यांत वसूल करून, तेथल्या भावाने, पुन्हा फ्लॉरेन्सवर हुंडी घेऊन परत आणावयाची. फ्लोरिनचा भाव इटलीत नेहमी लंडनपेक्षा थोडा चढा राहत असल्यामुळे या फेऱ्यात देणाऱ्याला बहुतेक वेळा लाभ होई, पण नेमका किती होईल हे आधी सांगता येत नसे आणि कधी तोटाही येई. ही अनिश्चितता होती म्हणून धर्मशास्त्र्यांनी हुंडीला व्याज म्हटले नाही. ज्या हुंडीत रक्कम परगावी जातच नाही, भाव आधीच ठरलेला असतो आणि परगावच्या पेढीचे नाव फक्त दाखविण्यापुरते असते, तिला मात्र त्यांनी कोरडी हुंडी म्हणून दूषण दिले. अण्णासाहेबांना यात केवळ वेषांतर दिसते. मला वाटते, देवघेवीवरील निर्बंधाने येथे व्यापाऱ्याला परदेशी व्यापाराशी बांधून ठेवले. ज्याला पैशावर पैसा मिळवावयाचा असेल त्याने समुद्रापलीकडच्या बाजाराशी संबंध ठेवलाच पाहिजे, अशी योजना होऊन बसली.)

अण्णासाहेब : संपादकमहाराज, तुमचे म्हणणे मी अर्धे मान्य करतो, परंतु या योजनेचा लाभ कोणाला झाला ते सांगा. हुंडी लिहिण्यासाठी लंडनला किंवा ब्रुजला अडत्या लागतो, पत लागते, अक्षरओळख लागते. हे सर्व ज्याच्याजवळ आहे त्याला धर्माने मोकळे सोडले. फ्लॉरेन्सच्या पेढ्यांवर कार्डिनल लोक ठेवी ठेवीत, आणि पेढीवाला वर्षाअखेरीस आपल्या खुशीने त्यांना काही बक्षीस देई. ठरलेले काहीच नाही, म्हणून पापही नाही! आणि ज्या विधवेने आपला पितळी हंडा गहाण टाकून दोन लिरा आणले, तिच्या सावकाराचे मात्र नाव जाहीर, त्याच्याकडून नगरसभा दरवर्षी ठराविक दंड घेणार, आणि तो दंड तो कोणाच्या खिशातून काढणार हे उघडच आहे. निर्बंध श्रीमंताच्या दारात शिथिल झाला आणि गरिबाच्या दारात बोजा होऊन बसला. फ्लॉरेन्सच्या मेदिची या पेढीवाल्या घराण्याला टॉल्फाच्या तुरटीच्या खाणींचा जो व्यवहार मिळाला, तो तर मला या सगळ्याचा कळस वाटतो. पोपच्या मुलखात १४६० च्या सुमारास ही तुरटी सापडली. कापड रंगविणाऱ्याला तिच्यावाचून गत्यंतर नाही. १४६६ पासून तिची विक्री मेदिचींकडे. आणि ख्रिस्ती रंगाऱ्याने तुर्कांची तुरटी घेतली तर त्याला बहिष्काराची धमकी. मक्ता टिकविण्यासाठी धर्मदंड वापरावयाचा, याला कोणते शास्त्र?

भाऊसाहेब : याला शास्त्र नाही, सत्तेची गरज आहे. धर्मयुद्धासाठी पैसा उभारावयाचा म्हणून हा मक्ता, असे समर्थन तेव्हा केले गेले; मी ते करीत नाही. परंतु मला आपणाला पॅरिसमधली एक कथा सांगावयाची आहे. हाइस्टरबाखच्या सीझेरियस नावाच्या सिस्टर्शियन साधूने तेराव्या शतकाच्या आरंभी ती लिहून ठेवली आहे. थिओबाल्ड नावाचा अतिशय धनाढ्य सावकार पश्चात्ताप होऊन बिशप मॉरिसकडे गेला. हा मॉरिस म्हणजे नोत्र दाम मंदिराचे बांधकाम ज्याने आरंभिले तो. बांधकाम चालू होते, त्याला पैसा लागत होता, आणि त्यात त्याचे सर्व चित्त गुंतलेले. त्याने सल्ला दिला की, तुझे द्रव्य या मंदिराला दे. थिओबाल्डच्या मनात शंका राहिली. तो पीटर द चँटर या धर्मपंडिताकडे गेला. पीटरने सांगितले : नगरात दवंडी पिटव, आणि ज्याच्या ज्याच्याकडून तू मुद्दलापेक्षा अधिक घेतले आहेस त्या प्रत्येकाला परत करण्यास तू तयार आहेस असे जाहीर कर. तसे झाले. जे जे आले त्यांना दिल्यावरही पुष्कळ शिल्लक राहिले. तेव्हा पीटर म्हणाला की, आता तू निर्धास्तपणे दानधर्म कर.

अण्णासाहेब : फार चांगली कथा आहे. हा पीटर न्यायाधीश व्हावयास हवा होता.

भाऊसाहेब : तेच मला म्हणावयाचे आहे. कोणत्याही राजाच्या कायद्याने मेलेल्या सावकाराला असा प्रश्न विचारला नव्हता : तुझ्या पेटीतला प्रत्येक पैसा कोणाचा? राजाचा कायदा करार खरा की खोटा एवढेच पाही. धर्मपीठाने पाहिले की करार खरा असला तरी पैसा परका असू शकतो. म्हणून तेराव्या-चौदाव्या शतकांतील इटालियन व्यापाऱ्यांच्या मृत्युपत्रांत एकामागून एक परतफेडीची कलमे येतात. अमक्याच्या वारसाला इतके फ्लोरिन, तमक्याच्या मुलीला इतके. मृत्युशय्येवर पापनिवेदन ऐकणारा धर्मगुरू हा त्या काळचा खरा तपासनीस होता.

अण्णासाहेब : आणि जेव्हा कुळे सापडत नसत तेव्हा?

भाऊसाहेब : तेव्हा ती रक्कम गरिबांची, आणि तिची वाटणी बिशपच्या विचाराने.

अण्णासाहेब : म्हणजे पीटरच्या दारातून बाहेर पडून पुन्हा मॉरिसच्या दारात! भाऊसाहेब, सगळी गोम या एका पोटकलमात आहे. कुळे शोधण्यास कष्ट पडतात, वारसांना ते गैरसोयीचे असते, आणि कुळ सापडले नाही असे ठरले की रक्कम अशा हातात जाते की जो ती मंदिराच्या कळसाला वापरू शकतो. प्रत्येक पक्षाचा फायदा कुळ न सापडण्यातच! कॉसिमो मेदिचीचे उदाहरण पाहा. काही द्रव्य आपण सरळ मार्गाने मिळविले नाही अशी टोचणी त्याला लागली होती, असे त्याचा चरित्रकार वेस्पासियानो लिहितो. आणि कॉसिमोने पोप चौथ्या युजीनला विचारले. पोपने सांगितले की, सान मार्को मठाच्या जीर्णोद्धाराला दहा हजार फ्लोरिन खर्च कर. कॉसिमोने चाळीस हजारांच्या वर खर्च केला. मिकेलोत्सोने मठ बांधला, फ्रा आंजेलिकोने एकेका साधूच्या कोठडीत एकेक चित्र काढले, आणि युरोपातील एका सुंदर वास्तूची भर पडली. पण ज्यांच्यामुळे ही टोचणी लागली होती, त्या माणसांपैकी एकाचेही नाव या वृत्तांतात नाही. मॉरिस जिंकला, भाऊसाहेब. पीटरची दवंडी सीझेरियसच्या पुस्तकातच राहिली.

(या ठिकाणी माझे मन अण्णासाहेबांच्या बाजूला झुकले, हे मी लपवीत नाही. पश्चात्ताप आणि परतफेड यांची फारकत झाली म्हणजे पश्चात्ताप कितीही प्रामाणिक असला तरी त्याचा लाभ तिसऱ्यालाच होतो.)

भाऊसाहेब : कॉसिमोविषयी मी वाद घालीत नाही. पण प्रातोचा फ्रान्चेस्को दातिनी आपण विसरू नये. कारण त्याच्याइतके आपणाला कोणत्याच मध्ययुगीन व्यापाऱ्याविषयी माहीत नाही. १४१० मध्ये तो वारला तेव्हा त्याच्यामागे सुमारे दीड लक्ष पत्रे आणि पाचशेंहून अधिक हिशेबवह्या राहिल्या. आव्हिन्यों, पिसा, जेनोआ, बार्सिलोना, व्हॅलेन्शिया, मायोर्का अशा ठिकाणी त्याच्या पेढ्या. आणि आपल्या वह्यांच्या माथ्यावर तो ईश्वर आणि नफा या दोघांचे नाव एकत्र लिहीत असे. त्याचा मित्र लापो माझ्झेई हा नोटरी त्याला वर्षानुवर्षे पत्रांतून विनवीत राहिला की, हा हव्यास आवर, मरणाचे स्मरण ठेव. १३९८ मध्ये दातिनीने रोकड पैशाची सराफी पेढी उघडली, तेव्हा त्याच्या एका स्नेह्याने लिहिले की, थोर व्यापारी म्हणून मिळविलेले नाव आता सराफीने जाणार, कारण सराफ म्हणजे सावकार असेच लोक समजतात. लोकमताची ही धार कोठून आली? धर्मानेच ती लावली होती. पुढल्या वर्षी, १३९९ मध्ये, शुभ्र वस्त्रे नेसलेल्या प्रायश्चित्त यात्रेकरूंचे थवे इटलीभर फिरत होते. त्यांत साठी ओलांडलेला दातिनीही अनवाणी चालत गेला.

अण्णासाहेब : बरोबर नोकरचाकर आणि खाद्यपदार्थांनी लादलेली जनावरे घेऊन.

भाऊसाहेब : होय, तेही खरे, आणि तरी तो अनवाणी चालला. माणसाच्या मनात दोन्ही गोष्टी एकाच वेळी राहू शकतात, हे न्यायासनावरून कदाचित दिसत नसेल. मूलबाळ नव्हते असे नाही, एक अनौरस मुलगी होती आणि तिचे त्याने चांगले केले. परंतु सुमारे सत्तर हजार फ्लोरिनची इस्टेट त्याने प्रातोच्या गरिबांसाठी स्थापन केलेल्या धर्मादाय संस्थेला लिहून दिली, आणि मृत्युपत्रात स्पष्ट बजावले की, ही संस्था धर्मपीठाच्या ताब्यात जाऊ नये. तिचा कारभार नगराने नेमलेल्या माणसांकडे राहावा. आपण ज्या पोटकलमावर बोट ठेवलेत, ते दातिनीला आणि लापोला ठाऊक होते. त्यांनी त्यावर उपाय केला. ती संस्था आजही प्रातोत आहे.

अण्णासाहेब : ठीक. हा दस्त मी मान्य करतो. पण आता मी ज्या विषयाकडे वळतो, त्यात दातिनीचे मृत्युपत्र कामास येणार नाही. तुमच्या या धर्मनियमाने ख्रिस्ती माणसाला सावकारी मना केली, शेती आणि कारागिरी ज्यू लोकांना बहुतांशी बंद केली, आणि मग त्यांना सावकारीत लोटून त्या सावकारीबद्दल त्यांचाच द्वेष केला. लिंकनचा ॲरन ११८६ मध्ये वारला. त्याच्या कर्जदारांत सिस्टर्शियन मठसुद्धा होते. तो मरताच राजाने त्याची सगळी येणी जप्त केली आणि त्यांच्या वसुलीसाठी खजिन्यात स्वतंत्र खाते उघडले. म्हणजे ज्यूने दिलेले कर्ज राजाच्या हाती आले की ते पवित्र! ११९० च्या मार्चमध्ये यॉर्कला दंगल झाली. किल्ल्यात आश्रय घेतलेले सुमारे दीडशे ज्यू मेले, कित्येकांनी स्वतःच्या हाताने मरण पत्करले. त्यानंतर ते दंगलखोर कोठे गेले? ते थेट यॉर्कच्या मोठ्या मंदिरात गेले, कारण कर्जाचे रोखे तेथे ठेवलेले होते, आणि त्या रोख्यांची त्यांनी मंदिरातच होळी केली. पुढाऱ्यांत कर्जबाजारी सरदार होते. राजाने यातून कोणता धडा घेतला? ११९४ पासून प्रत्येक रोख्याची दुसरी प्रत सरकारी पेटीत ठेवावयाची, म्हणजे पुढल्या दंगलीत माणसे मेली तरी वसूल बुडू नये. १२७५ मध्ये व्याजाला बंदी, १२९० मध्ये सर्व ज्यूंची इंग्लंडमधून हकालपट्टी. या सगळ्यात धर्माने कोणाला वाचविले?

भाऊसाहेब : येथे मी धर्मपीठाची वकिली करीत नाही, अण्णासाहेब. यॉर्कचे ते रोखे मंदिरात ठेवलेले होते, ही एकच गोष्ट पुरेशी आहे. सावकारीला पातक म्हणणाऱ्या वेदीच्या छायेत सावकारीचे दस्त सुरक्षित होते, आणि ते लिहून घेणारी माणसे मात्र नव्हती.

(यानंतर काही वेळ कोणीच बोलले नाही. पुढे भाऊसाहेबांनीच विषय काढला.)

भाऊसाहेब : तरीही एका संस्थेविषयी बोलल्याशिवाय ही चर्चा पुरी होणार नाही. १४६२ मध्ये पेरुजा येथे फ्रान्सिस्कन भिक्षूंच्या प्रेरणेने गरिबांसाठी गहाणवटीची एक पेढी निघाली; मोन्ते दि पिएता हे तिचे नाव. दानातून भांडवल उभारावयाचे, गरिबाची वस्तू गहाण ठेवून घ्यावयाची, आणि कारकुनांचा पगार, जागा, नोंदवह्या यांच्या खर्चापुरतेच शुल्क घ्यावयाचे. पाहता पाहता इटलीतील गावोगाव अशा पेढ्या झाल्या. भिक्षूंनीच व्याज घ्यावयास सांगितले म्हणून मोठा गदारोळ झाला. १४९८ मध्ये कार्डिनल होण्यापूर्वीच्या काजेतान या डोमिनिकन पंडिताने या पेढ्यांविरुद्ध ग्रंथ लिहिला, कारण शुल्क कितीही थोडे असले तरी ते कर्जावरचेच शुल्क. अखेरीस १५१५ मध्ये पाचव्या लॅटरन धर्मसभेत दहाव्या लिओने या पेढ्या निर्दोष ठरविल्या. फ्लॉरेन्सचे आकडे पाहा. १४३७ मध्ये तेथे ज्यू सावकारांना जो परवाना मिळाला, त्यात दर लिरामागे दरमहा चार दिनार असा दर होता. दोनशे चाळीस दिनारांची एक लिरा, म्हणजे शेकडा वीस. १४९५-९६ मध्ये सावोनारोला या धर्मोपदेशकाच्या प्रभावाखाली तेथे मोन्ते निघाली, तिचा दर दरमहा एक दिनार. म्हणजे शेकडा पाच. आपल्या त्या हंड्यावाल्या विधवेचे ओझे एक चतुर्थांश झाले.

अण्णासाहेब : आणि त्याच वेळी फ्लॉरेन्समधून ज्यूंना घालवून देण्याचाही हुकूम निघाला. फेल्त्रेच्या बेर्नार्दिनोसारखे भिक्षू या पेढ्यांसाठी गावोगाव प्रवचने करीत, तेव्हा त्या प्रवचनांत दान आणि द्वेष यांची सरमिसळ असे. तसेच, चाळीस वर्षे गेली नाहीत तोच फ्लॉरेन्सच्या मोन्तेत श्रीमंत लोक शेकडा पाचाने ठेवी ठेवू लागले, आणि पुढे खुद्द फ्लॉरेन्सचा ड्यूक आपल्या गरजेसाठी तिच्यातून रकमा उचलू लागला. गरिबांची पेढी दरबाराचा खजिना झाली.

भाऊसाहेब : झाली. परंतु मोन्तेच्या नियमांतले एक कलम मला आपल्यापुढे ठेवावयाचे आहे. मुदतीत वस्तू न सोडविल्यास तिचा जाहीर लिलाव होई. त्यातून कर्ज आणि शुल्क वजा घालून जे काही उरेल, ते पेढीचे नव्हे, गहाण ठेवणाऱ्याचे. त्याचे नाव वहीत आहे, रक्कम त्याच्या नावे जमा आहे. बाराव्या शतकात पीटरने पश्चात्तापदग्ध थिओबाल्डला जे करावयास लावले, ते येथे रोजच्या नोंदीतले एक कलम होऊन बसले; कुळ शोधण्यासाठी दवंडीची गरजच उरली नाही.

अण्णासाहेब : हे कलम मला वहीत पाहावयास आवडेल. माझ्या कोर्टात लिलावाची वाढीव रक्कम ऋणकोला नेऊन पोचविण्यासाठी मला किती वेळा नाझराला ताकीद द्यावी लागली, हे माझे मलाच ठाऊक. तुमच्या भिक्षूंनी एवढी एक गोष्ट नियमात घातली असेल, तर अक्वायनसच्या मद्यापेक्षा आणि ऑलिव्हीच्या बीजापेक्षा मी तिला अधिक मान देतो. मात्र भाऊसाहेब, ज्या वहीत त्या विधवेची शिल्लक जमा केली, ती वही तिला वाचता येत नव्हती. तेव्हा तुझी इतकी शिल्लक आहे, येऊन घेऊन जा, असे तिच्या दारात जाऊन सांगण्याची जबाबदारी नियमाने कोणावर टाकली होती, ते तुम्ही मला शोधून द्या. तोपर्यंत माझा निकाल राखून ठेवलेला आहे.